परिवहन प्राधिकरणांचे निर्णय आणि न्यायालयीन दाद

एखाद्या मार्गावर प्रवासी वाहतूक कोणी करावी, दिवसातून किती फेऱ्या व्हाव्यात, प्रवाशाने किती भाडे द्यावे आणि गाडीने कोठे थांबावे, हे प्रश्न वरवर पाहता केवळ कारभाराचे वाटतात. परंतु गावातील मुलीचे शिक्षण सातवीनंतर पुढे चालू राहणार की नाही, रुग्ण तालुक्याच्या रुग्णालयात वेळेवर पोहोचणार की नाही, भाजीपाला सकाळच्या बाजारात जाणार की दुपारच्या उन्हात सुकणार, हे सारे पुष्कळदा याच निर्णयांवर अवलंबून असते. दुसऱ्या बाजूला, कर्ज काढून गाडी घेतलेल्या परवानाधारकाच्या चरितार्थाचा प्रश्नही त्यात गुंतलेला असतो. हे निर्णय घेणाऱ्या प्राधिकरणांना कायद्याने व्यापक अधिकार दिले आहेत. त्याचप्रमाणे त्यांच्या निर्णयाविरुद्ध दाद मागण्याची सोयही कायद्यानेच केलेली आहे.

ही दाद कोणाला, कोठे आणि कोणत्या कारणासाठी मागता येते, याविषयी मात्र दोन टोकांचे समज आढळतात. प्राधिकरणाचा शब्द हा अखेरचा शब्द होय, असा एक समज आहे. निर्णय आपल्याला पटला नाही म्हणजे न्यायालय तो बदलून देईल, असा दुसरा समज आहे. हे दोन्ही समज बरोबर नाहीत. राज्यघटना अंमलात आल्यापासून परिवहनविषयक अनेक प्रकरणे सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली आणि त्यांतून एक सूत्र स्पष्ट झाले. निर्णय शहाणपणाचा आहे किंवा नाही, हे न्यायालय सहसा पाहत नाही. तो घेण्याचा अधिकार संबंधितांना होता काय आणि तो योग्य रीतीने घेतला गेला काय, हे ते पाहते. या सूत्राचा अर्थ अधिकाऱ्यांना, शिक्षकांना आणि पंचायत सदस्यांना नेमकेपणाने कळला, तर पुष्कळ निष्फळ दावे टळतील आणि जेथे खरोखर अन्याय झाला आहे तेथे दाद मिळणे सुकर होईल.

प्राधिकरणे व त्यांचे स्वरूप

परिवहन प्राधिकरणांची रचना प्रथम १९३९ च्या मोटार वाहन अधिनियमाने सविस्तरपणे केली. त्याची जागा १९८८ च्या अधिनियमाने घेतली व हा नवा कायदा १ जुलै १९८९ पासून अंमलात आला. त्याच्या कलम ६८ अन्वये राज्यासाठी राज्य परिवहन प्राधिकरण आणि निरनिराळ्या प्रदेशांसाठी प्रादेशिक परिवहन प्राधिकरणे असतात. प्राधिकरणाच्या अध्यक्षाला न्यायदानाचा, किंवा अपील, पुनरीक्षण अथवा न्यायनिर्णय करण्याचा अनुभव असला पाहिजे, अशी अट कायद्याने घातली आहे. त्याचप्रमाणे ज्याचा कोणत्याही परिवहन उपक्रमात मालक, नोकर किंवा अन्य नात्याने आर्थिक हितसंबंध असेल, अशा व्यक्तीला सदस्य नेमता येत नाही.

या दोन अटी मुद्दाम लक्षात घेण्याजोग्या आहेत. परवाना देणे अथवा नाकारणे हे काम नुसत्या कचेरीच्या शेऱ्याचे नव्हे. दोन पक्षांचे म्हणणे ऐकून न्यायबुद्धीने करावयाचे ते काम आहे, असे कायदा मानतो. न्यायालयीन भाषेत अशा कामाला न्यायिकवत काम म्हणतात. प्राधिकरणाच्या निर्णयाला न्यायालयात कोणत्या कसोट्या लावल्या जातात, हे या एका कल्पनेवरून बरेचसे उलगडते.

कुंभकोणमच्या पाच गाड्या

न्यायालयाची मर्यादा प्रथम स्पष्ट करणारे एक प्रकरण तमिळनाडूतील, म्हणजे तेव्हाच्या मद्रास राज्यातील, कुंभकोणमचे होते. पाच बसगाड्या आणि त्यांचे परवाने यांवरून दोन वाहतूकदारांत वाद निर्माण झाला. परिवहन प्राधिकरण, त्यावरील अपील आणि शासन अशा पायऱ्या चढून तो मद्रास उच्च न्यायालयात गेला आणि उच्च न्यायालयाने परवाने अमुक पक्षाला द्यावेत, असा आदेश दिला. १९५२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा आदेश रद्द केला.

त्यामागील विचार असा होता. परवान्यांच्या बाबतीत मोटार वाहन कायदा हा स्वयंपूर्ण कायदा आहे. त्यात प्राधिकरणे आहेत, अपिले आहेत, पुनरीक्षण आहे. उच्च न्यायालयाने घटनेच्या अनुच्छेद २२६ खाली हस्तक्षेप करावयाचा, तो प्राधिकरणाने अधिकाराबाहेर जाऊन काम केले असेल, असलेला अधिकार वापरण्यास नकार दिला असेल, नैसर्गिक न्यायाचे तत्त्व मोडले असेल, किंवा कागदपत्रांवरून उघड दिसणारी कायद्याची चूक केली असेल तर. परंतु आपणच अपिलाचे न्यायालय आहोत असे समजून परवाना कोणाला द्यावा, हे उच्च न्यायालयाने ठरवू नये. आजही अशा प्रकरणांत हीच चौकट मानली जाते. निर्णय चुकीच्या रीतीने घेतला असल्यास न्यायालय बहुधा तो रद्द करून पुन्हा विचारासाठी प्राधिकरणाकडे पाठविते. प्राधिकरणाच्या खुर्चीवर स्वतः बसत नाही.

परभणीच्या सहकारी संस्थेचे प्रकरण

याच सूत्राची दुसरी बाजू मराठवाड्यातील एका प्रकरणात दिसून येते. १ नोव्हेंबर १९५६ रोजी राज्यांची पुनर्रचना झाली आणि मराठवाडा हैदराबाद राज्यातून मुंबई राज्यात आला. त्या भागातील शासकीय बससेवा तेव्हा राज्य शासनाच्या वतीने चालविली जात होती. परभणी येथील एक सहकारी परिवहन संस्थाही परवाने घेऊन गाड्या चालवीत होती. संस्थेने आपल्या परवान्यांसाठी अर्ज केला, तेव्हा त्याच मार्गांसाठी शासकीय परिवहन सेवेनेही अर्ज केला. औरंगाबादच्या प्रादेशिक परिवहन प्राधिकरणाने संस्थेच्या विरुद्ध निर्णय दिला. आपल्या मूलभूत हक्कांचा भंग झाला आहे, असे म्हणून संस्था अनुच्छेद ३२ खाली थेट सर्वोच्च न्यायालयात गेली.

संस्थेचा मुख्य मुद्दा विचार करण्याजोगा होता. १९५६ मध्ये मोटार वाहन कायद्यात एक नवे प्रकरण घालण्यात आले होते. एखाद्या मार्गावरील वाहतूक शासकीय उपक्रमाने आपल्या हाती घ्यावयाची असेल, तर त्याने योजना तयार करावी, ती प्रसिद्ध करावी, हरकती मागवाव्यात, सुनावणी व्हावी व नंतर मंजुरी मिळावी, असा क्रम त्यात सांगितला होता. शासनाला या मार्गानेच जाणे भाग असून, इतर अर्जदारांच्या रांगेत उभे राहून साधा परवाना मागता येणार नाही, असे संस्थेचे म्हणणे होते.

१९६० च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हे म्हणणे स्वीकारले नाही. शासकीय उपक्रमालाही इतरांप्रमाणे परवान्यासाठी अर्ज करता येतो, असे न्यायालयाने ठरविले. त्याहून महत्त्वाचा मुद्दा पुढे होता. न्यायिकवत अधिकार असलेल्या प्राधिकरणाने आपल्या अधिकारात राहून दिलेला निर्णय क्षणभर चुकीचा मानला, तरी तेवढ्याने समानतेच्या मूलभूत हक्काचा भंग झाला असे होत नाही. ती चूक अपिलाने किंवा योग्य त्या अन्य मार्गाने दुरुस्त करून घ्यावयाची असते. थेट दिल्लीस धाव घेऊन उपयोग होत नाही, हा धडा या प्रकरणाने महाराष्ट्राच्या भूमीवरच घालून दिला. अन्यायाची भावना कितीही तीव्र असली, तरी दाद मागण्याच्या पायऱ्या ओलांडून जाता येत नाहीत.

ऐकणारा एक, ठरविणारा दुसरा

योग्य रीत म्हणजे काय, याचे विवेचन याच सुमारास आंध्र प्रदेशातील एका प्रकरणात झाले. कृष्णा जिल्ह्यातील काही बसमार्ग राज्याच्या मार्ग परिवहन महामंडळाने घ्यावेत, अशी योजना प्रसिद्ध झाली. खाजगी बसचालकांनी हरकती नोंदविल्या. त्यांची सुनावणी परिवहनाचा कारभार पाहणाऱ्या खात्याच्या सचिवांनी घेतली; योजनेला मंजुरी मात्र मुख्यमंत्र्यांनी दिली. वरवर पाहता यात काहीच वावगे नव्हते. हरकती मागविल्या होत्या, सुनावणी झाली होती, मंजुरी योग्य पातळीवर मिळाली होती.

तथापि नोव्हेंबर १९५८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती मंजुरी रद्द केली. न्यायमूर्ती के. सुब्बा राव यांनी लिहिलेल्या निकालात दोन दोष दाखविण्यात आले. पहिला असा की, ज्या खात्याने योजनेचा पुरस्कार केला त्याच खात्याच्या सचिवांनी हरकती ऐकल्या; म्हणजे वादातील एका पक्षानेच न्यायाधीशाचे काम केले. दुसरा असा की, ज्याने ऐकले त्याने निर्णय दिला नाही आणि ज्याने निर्णय दिला त्याने ऐकले नाही. समोर बसून म्हणणे ऐकणाऱ्याच्या मनावर जो परिणाम होतो, तो टिपणी वाचणाऱ्याच्या मनावर होईलच असे नाही. अशी विभागलेली सुनावणी ही सुनावणीच नव्हे.

या प्रकरणाचा उत्तरार्ध अधिक बोलका आहे. निकालानंतर मुख्यमंत्र्यांनी स्वतः हरकती ऐकल्या आणि योजनेला पुन्हा मंजुरी दिली. बसचालक पुन्हा सर्वोच्च न्यायालयात गेले. मुख्यमंत्री हेही शासनाचेच, तेव्हा तेही पक्षकारच, असा त्यांचा युक्तिवाद होता. १९५९ च्या दुसऱ्या निकालात न्यायालयाने तो अमान्य केला. सचिव हा खात्याचा अविभाज्य भाग असतो. मंत्र्याचे तसे नसते, त्याच्याकडे त्या खात्याच्या कामकाजाची जबाबदारी असते, असा भेद न्यायालयाने केला आणि योजना कायम झाली.

योजना तीच, मार्ग तेच, परिणामही बसचालकांच्या दृष्टीने तोच. एका वेळी ती रद्द झाली आणि दुसऱ्या वेळी टिकली. फरक पडला तो केवळ रीतीचा. रीत म्हणजे नुसती औपचारिकता, असे मानणाऱ्या प्रत्येक कार्यालयात ही दोन प्रकरणे आठवणीत ठेवली पाहिजेत. योजना चांगली असली म्हणून सुनावणीतील दोष झाकला जात नाही. आणि सुनावणी निर्दोष असली, तर योजना न पटणाऱ्याला न्यायालयात फारसा वाव राहत नाही.

जुन्या आणि नव्या कायद्यातील फरक

१९३९ च्या कायद्यान्वये परवाना देताना प्राधिकरणाला काही गोष्टी विचारात घ्याव्या लागत. सर्वसाधारण जनतेचे हित, प्रवासाच्या वेळेची बचत, मार्गावर आधीच असलेल्या सेवेची पर्याप्तता, विशिष्ट भागाला होणारा फायदा आणि रस्त्यांची स्थिती यांचा त्यांत समावेश होता. मार्गावरील विद्यमान वाहतूकदार, मान्यताप्राप्त संघटना, स्थानिक प्राधिकरणे व पोलीस यांना आपले म्हणणे मांडता येत असे. परवान्याला विरोध केल्यानंतरही तो दिला गेला, तर त्यांना अपील करण्याचाही हक्क होता.

१९८८ च्या कायद्याने हा सारा रोख बदलला. कलम ८० अन्वये परवान्याचा अर्ज सर्वसाधारणपणे नाकारू नये, असे सांगण्यात आले. नाकारावयाचाच असेल, तर अर्जदाराला लेखी कारणे द्यावीत व त्याचे म्हणणे ऐकावे, असे बंधन घातले. नवीन परवाने सढळ हाताने दिले जाऊ लागताच उत्तर प्रदेशातील जुन्या बसचालकांनी त्यास आव्हान दिले. आपल्या मार्गावर गर्दी होईल व आपला धंदा बुडेल, अशी त्यांची तक्रार होती. नोव्हेंबर १९९१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांच्या याचिका फेटाळल्या. प्रत्येक नागरिकाला व्यवसाय करण्याचा हक्क असला, तरी स्पर्धेपासून संरक्षण मिळण्याचा हक्क कोणालाही नाही, हा त्या निकालाचा गाभा होय.

अपिलाच्या तरतुदीतही बदल झाला. नव्या कायद्याच्या कलम ८९ खाली प्रामुख्याने ज्याचा अर्ज नाकारला गेला, ज्याच्या परवान्याला अटी घातल्या गेल्या, किंवा ज्याचा परवाना रद्द वा निलंबित झाला, अशा व्यक्तीला अपील करता येते. विरोध करणाऱ्या स्थानिक संस्थेचा जुन्या कायद्यातील स्पष्ट उल्लेख येथे राहिलेला नाही. पंचायतींच्या दृष्टीने ही बाब महत्त्वाची आहे. मात्र दार पूर्णपणे बंद झालेले नाही. जेथे अपील चालत नाही, तेथे कलम ९० खाली राज्य परिवहन अपील न्यायाधिकरणाकडे पुनरीक्षणासाठी अर्ज करता येतो. निर्णयाची झळ ज्याला लागली आहे त्याला, निर्णय अयोग्य किंवा बेकायदेशीर असल्याचे दाखवून, ही दाद मागता येते. त्यासाठी आदेशाच्या तारखेपासून तीस दिवसांची मुदत आहे. सबळ कारण दाखविल्यास उशीर माफ होऊ शकतो. या न्यायाधिकरणावर जिल्हा न्यायाधीशाहून कमी दर्जाचा नसलेला न्यायिक अधिकारी, किंवा उच्च न्यायालयाचा न्यायाधीश होण्यास पात्र असलेली व्यक्ती असते.

एका बाबतीत तर नव्या कायद्याने दार अधिक उघडले आहे. शासकीय उपक्रमासाठी मार्ग राखून ठेवणाऱ्या योजनेचा प्रस्ताव राजपत्रात आणि त्या भागात खपणाऱ्या प्रादेशिक भाषेतील किमान एका वृत्तपत्रात प्रसिद्ध करावा लागतो. राजपत्रातील प्रसिद्धीपासून तीस दिवसांच्या आत कोणतीही व्यक्ती त्यावर हरकत घेऊ शकते. म्हणजे हा हक्क आता वाहतूकदारांपुरता किंवा स्थानिक संस्थांपुरता मर्यादित नाही. शिक्षक, पालक, शेतकरी कोणीही तो बजावू शकतो. प्रस्ताव प्रसिद्ध झाल्यापासून एक वर्षाच्या आत योजना अंतिम झाली नाही, तर तो प्रस्ताव व्यपगत होतो, हीसुद्धा शासनावर घातलेली एक शिस्त आहे.

नवी वाहने आणि नवी माध्यमे आली, तरी मूळ प्रश्न तेच राहतात. पुण्यात मोबाईलवरील उपयोजनाच्या साहाय्याने दुचाकी-टॅक्सी चालविणाऱ्या एका कंपनीचा परवान्यासाठीचा अर्ज २०२२ च्या अखेरीस नाकारण्यात आला. परवाना नसताना चालू ठेवलेली सेवा बंद करण्यास मुंबई उच्च न्यायालयाने जानेवारी २०२३ मध्ये सांगितले आणि पुढील महिन्यात सर्वोच्च न्यायालयानेही त्यात हस्तक्षेप केला नाही. सेवा लोकांना सोयीची आहे की नाही, यापेक्षा ती कायद्याने लागणाऱ्या परवान्यावाचून चालविता येईल काय, हा प्रश्न तेथे निर्णायक ठरला.

भाड्याचा प्रश्न आणि लंडनचा अनुभव

परवान्याचा वाद दोन पक्षांत असतो. भाडे मात्र सर्वांनाच लागू होते. म्हणून भाडे ठरविण्याचे काम न्यायिकवत न मानता धोरणाच्या जवळचे मानले जाते आणि न्यायालये त्यात अधिकच सावधपणे लक्ष घालतात. कलम ६७ अन्वये राज्य शासनाला भाड्याबाबत प्राधिकरणांना निदेश देता येतात. महाराष्ट्रात एस.टी.च्या भाड्याला राज्य परिवहन प्राधिकरणाची मान्यता लागते. जानेवारी २०२५ मध्ये झालेली १४.९५ टक्के भाडेवाढ अशा मान्यतेनेच लागू झाली.

भाडे वाढविण्याविरुद्ध लोक न्यायालयात गेल्याची उदाहरणे आपल्या परिचयाची आहेत. भाडे कमी केले म्हणून न्यायालयात जाण्याचा प्रसंग मात्र लंडनमध्ये घडला आणि तो आपल्यालाही बोधप्रद आहे. १९८१ च्या निवडणुकीत बृहन्लंडन परिषदेवर निवडून आलेल्या मजूर पक्षाने आपल्या जाहीरनाम्यानुसार बस व भुयारी रेल्वे यांच्या भाड्यात २५ टक्के कपात केली. येणारी तूट भरून काढण्यासाठी लंडनमधील पालिकांवर जादा कराचा बोजा टाकण्यात आला. ब्रॉम्ली या उपनगरी पालिकेच्या हद्दीत भुयारी रेल्वेचे एकही स्थानक नव्हते. तिने या निर्णयास आव्हान दिले.

डिसेंबर १९८१ मध्ये इंग्लंडच्या सर्वोच्च अपील न्यायपीठाने, म्हणजे उमराव सभेने, भाडेकपात बेकायदेशीर ठरविली. १९६९ च्या लंडन परिवहन कायद्यात परिषदेने कार्यक्षम आणि काटकसरीच्या वाहतूक व्यवस्थेला उत्तेजन द्यावे, असे म्हटले होते. धंद्याच्या हिशेबाकडे पाठ फिरवून आणि करदात्यांच्या हिताचा पुरेसा तोल न सांभाळता घेतलेला निर्णय या शब्दांत बसत नाही, असे न्यायपीठाचे मत पडले. निवडणुकीतील वचन हे सदस्यांना विचारात घेता येईल. पण ते जणू बंधनकारकच आहे असे मानून इतर बाबींकडे डोळेझाक करता येणार नाही, असाही मुद्दा त्यात होता. मार्च १९८२ मध्ये भाडे जवळजवळ दुप्पट झाले. त्यानंतर परिषदेने कायद्याचा पुन्हा अभ्यास केला, करदाते आणि प्रवासी या दोघांचा विचार करून नवी योजना आखली आणि १९८३ मध्ये न्यायालयाने ती वैध ठरविली. त्याच वर्षी भाडे पुन्हा सुमारे एक-चतुर्थांशाने उतरले. ती परिषद १९८६ मध्ये विसर्जित झाली. तथापि कृष्णा जिल्ह्यात जे दिसले तेच येथेही दिसले. उद्देश तोच असूनही पहिला निर्णय कोसळला आणि नीट विचारपूर्वक घेतलेला दुसरा टिकला.

बंद झालेली फेरी

आता ग्रामीण भागाला सर्वांत जवळचा प्रश्न घेऊ. एस.टी.ने एखाद्या गावाची फेरी बंद केली किंवा मुक्कामी गाडी काढून घेतली, तर न्यायालयात जाता येते काय?

महाराष्ट्र राज्य मार्ग परिवहन महामंडळ १९५० च्या मार्ग परिवहन महामंडळ अधिनियमाखाली काम करते. कार्यक्षम, पुरेशी, काटकसरीची आणि सुसूत्र वाहतूक सेवा उत्तरोत्तर उपलब्ध करून देणे, हे महामंडळाचे सर्वसाधारण कर्तव्य असल्याचे कलम १८ मध्ये म्हटले आहे. लंडनच्या कायद्यातील शब्दांशी या शब्दांचे असलेले साम्य वाचकांच्या ध्यानात येईल. मात्र याच कलमाच्या परंतुकात असेही स्पष्ट केले आहे की, एरव्ही जी जबाबदारी महामंडळावर आली नसती, अशी कोणतीही न्यायालयामार्फत अंमलात आणता येणारी जबाबदारी या कलमामुळे त्याच्यावर येत नाही. शिवाय महामंडळाने व्यवसायाच्या तत्त्वांना अनुसरून काम करावे, असे कलम २२ सांगते.

याचा व्यावहारिक अर्थ असा की, ‘कलम १८ प्रमाणे आमच्या गावाला गाडी दिलीच पाहिजे’ एवढ्याच आधारावर न्यायालयात जाऊन उपयोग नाही. परवान्यासंबंधीचे प्रश्न चालविण्याचा अधिकार दिवाणी न्यायालयांना नाही, हेही मोटार वाहन कायद्याच्या कलम ९४ ने स्पष्ट केले आहे. तथापि महामंडळ ही कायद्याने निर्माण केलेली सार्वजनिक संस्था आहे. तिने मनमानी करता कामा नये, सारख्या परिस्थितीतील गावांत कारणावाचून भेद करता कामा नये आणि शासनाच्या लागू असलेल्या निदेशांकडे दुर्लक्ष करता कामा नये. असे काही घडले असल्यास ते उच्च न्यायालयापुढे मांडता येते. अशा वेळी न्यायालय वेळापत्रक आखून देईल, ही अपेक्षा मात्र बाळगू नये. संबंधितांनी गावाच्या निवेदनाचा ठराविक मुदतीत विचार करून कारणांसह निर्णय द्यावा, एवढा आदेश मिळाला तरी तो मोलाचा असतो.

म्हणून खरी तयारी न्यायालयाच्या पायरीवर नव्हे, तर गावातच करावी लागते. गाडीचे भारमान कमी आहे, असे आगाराचे म्हणणे असेल, तर ते भारमान कोणत्या महिन्यांतील आहे, शाळेच्या सुटीतील तर नव्हे, याची माहिती घ्यावी. शिक्षकांनी त्या फेरीवर अवलंबून असलेल्या विद्यार्थ्यांची, विशेषतः पासधारक मुलींची, यादी तयार करावी. फेरी बंद झाल्यावर लोक काळी-पिवळी जीपमधून दाटीवाटीने जात असतील, तर तोही मुद्दा नोंदवावा. ग्रामसभेचा ठराव करून तो या आकड्यांसह आगार व्यवस्थापक व विभाग नियंत्रक यांच्याकडे द्यावा आणि त्याची पोच घ्यावी. माहितीचा अधिकार अधिनियम, २००५ च्या कलम ४ अन्वये प्रशासकीय व न्यायिकवत निर्णयांची कारणे बाधित व्यक्तींना देणे हे सार्वजनिक प्राधिकरणांवर बंधनकारक आहे. कारणे मागणे ही कोणाची मेहेरबानी मागणे नव्हे.

दोन्ही बाजूंची जबाबदारी

वरील प्रकरणांवरून दाद मागणाऱ्यांसाठी काही गोष्टी निश्चित होतात. पहिली, योजनेवरील हरकत मुदतीत आणि लेखी नोंदविली पाहिजे. जो हरकतीच्या वेळी गप्प राहिला, त्याचे म्हणणे पुढे कमजोर ठरते. दुसरी, अपील किंवा पुनरीक्षण उपलब्ध असेल, तर आधी तो मार्ग अनुसरला पाहिजे. तीस दिवस पाहता पाहता संपतात, याचे भान ठेवले पाहिजे. तिसरी, ‘निर्णय अन्यायाचा आहे’ असे मोघम न म्हणता कोणता अधिकार ओलांडला, कोणाचे ऐकले नाही, कोणती महत्त्वाची बाब विचारात घेतली नाही, हे नेमके दाखविले पाहिजे.

अधिकाऱ्यांच्या बाजूनेही असेच काही सांगता येईल. नोटीस वेळेवर आणि समजेल अशा भाषेत द्यावी. जो निर्णय देणार आहे त्यानेच म्हणणे ऐकावे. प्रकरणाशी ज्याचा संबंध आहे त्याने त्यातून बाजूस व्हावे. वरिष्ठांच्या तोंडी सूचनेवरून नव्हे, तर समोरील कागदपत्रांवरून निर्णय घ्यावा, आणि प्रत्येक मुख्य हरकतीला आदेशात उत्तर द्यावे. ‘अर्ज नामंजूर’ हे दोन शब्द लिहिण्यास क्षणभर पुरतो; परंतु कारणांवाचून लिहिलेल्या अशा शब्दांचे समर्थन करण्यात पुढे वर्षे जातात आणि त्या काळात मार्ग ओस पडतो. नुकसान मग ना वाहतूकदाराचे तेवढे होते, ना कार्यालयाचे. ते होते फाट्यावर उभ्या असलेल्या प्रवाशाचे.

परिवहन प्राधिकरणाला सर्वांना खूष ठेवता येणार नाही. एका गावाला दिलेली फेरी दुसऱ्याकडून काढून घ्यावी लागते, एका अर्जदाराला मिळालेला परवाना दुसऱ्याची मिळकत कमी करतो, भाडे उतरविले तर तुटीचा भार कोणीतरी उचलावाच लागतो. अशा परिस्थितीत ज्याच्या विरुद्ध निर्णय जातो त्यालाही तो मान्य व्हावा, याचा एकच उपाय आहे. त्याचे म्हणणे कोणीतरी नीट ऐकले आणि ते का मानले नाही याचे कारण त्याला कळले, असे त्याला प्रामाणिकपणे वाटले पाहिजे. न्यायालये प्राधिकरणांकडून यापेक्षा फारसे अधिक मागत नाहीत, आणि नागरिकांनी यापेक्षा कमी स्वीकारण्याचे कारण नाही.